40 किलो मटण, दोन भट्ट्या, एक सिलिंडर: सावजी भोजनालयावरच्या मालिकेचा शेवटचा भाग कसा लिहावा

डबघाईला आलेलं घरचं हॉटेल, भांडणारी भावंडं आणि शेवटच्या भागात तुडुंब गर्दी, हा साचा आता सगळ्यांना ठाऊक आहे. म्हणून लेखक घाईघाईने शेवटाकडे पळतात: कुणीतरी मोठा माणूस जेवायला येतो, व्हिडिओ व्हायरल होतो, कर्ज फिटतं. नागपूरच्या प्रेक्षकाला हे पटत नाही, कारण त्याच्या गल्लीत असं भोजनालय आहे आणि तिथलं कर्ज असं फिटत नाही हे तो रोज पाहतो. इथे 8 भागांच्या मालिकेचा 40 मिनिटांचा शेवटचा भाग गृहीत धरला आहे. जागा: महाल-इतवारीच्या पट्ट्यातलं 40 खुर्च्यांचं सावजी भोजनालय.

आधी वही मांडा

पहिला संवाद लिहिण्याआधी कागदावर त्या दिवसाचा धंदा मांडायचा. आकडे तुमच्या कथेतल्या भावाप्रमाणे बदला, पण मांडा. नमुन्यासाठी हे धरू:

मटण 800 रुपये किलो. एका किलोत हाडासकट 6 प्लेट. प्लेट 260 रुपयांना. मसाला, तेल, कांदा आणि गॅस मिळून प्लेटमागे 40 रुपये. सणाच्या दिवशी जादा माणसांचा रोज 4,000. पोळी-भाताचा पैसा पिठात, तांदळात आणि पोळ्या लाटणाऱ्या बाईंच्या हातावर जातो असं समजून बाजूला ठेवा.

40 किलो मटण घेतलं तर 240 प्लेट, म्हणजे 62,400 रुपये गल्ला. त्यातून मटणाचे 32,000, मसाल्याचे 9,600 आणि रोजाचे 4,000 गेले की उरतात 16,800. वर्षातला सगळ्यात चांगला दिवस, एकही प्लेट वाया गेली नाही, एकही उधारी झाली नाही, तरी 16,800. आणि तुम्ही पहिल्या भागात पात्रांच्या डोक्यावर पतसंस्थेचं 4 लाखांचं कर्ज ठेवलेलं असतं.

या एका वजाबाकीने अर्धी पटकथा ठरते. शेवटच्या रात्री कर्ज फिटू शकत नाही. मग काय होऊ शकतं? खाटकाची उधारी फिटू शकते, म्हणजे उद्या तो माल द्यायला तयार होईल. भिशीचा थकलेला एक हप्ता जाऊ शकतो. पोळ्या लाटणाऱ्या बाईंचा दोन महिन्यांचा पगार देता येतो. यांपैकी एकच गोष्ट होईल एवढा पैसा हातात येऊ द्या आणि कुणाला आधी द्यायचं यावर घर फुटू द्या. थोरला पतसंस्थेचं नाव घेईल, कारण तिथे जामीन म्हणून त्याची सही आहे. आई पोळीवाल्या बाईंचं नाव घेईल. चार लाखांच्या कर्जावर असं भांडण लिहिता येत नाही. सोळा हजारांवर येतं.

दिवस: पोळ्याची कर

सावजी भोजनालयाच्या कथेला पंचांगानेच शेवट आखून दिला आहे, तरी लेखक दिवाळी नाहीतर एकतीस डिसेंबर का निवडतात ते कळत नाही.

श्रावण हा मंदीचा महिना. श्रावण अमावास्येला पोळा. दुसऱ्या दिवशी, भाद्रपद शुद्ध प्रतिपदेला, तान्हा पोळा आणि मारबत, म्हणजे वाईटाचं प्रतीक असलेल्या पुतळ्यांची मिरवणूक, आणि घरोघरी कर, म्हणजे सणानंतरचा मटणाचा दिवस. महिनाभर थांबलेलं शहर त्या दिवशी मटणावर तुटून पडतं. हरतालिका आणि चतुर्थी आली की पुन्हा गणपतीचे दिवस सुरू. म्हणजे दोन मंदींच्या मधे तीन-चार दिवसांची फट आहे. 2024 साली पोळा 2 सप्टेंबरला, मारबत 3 ला आणि गणेश चतुर्थी 7 ला होती. 2025 साली पोळा 22 ऑगस्टला, मारबत 23 ला, चतुर्थी 27 ला. भोजनालयाला जे कमवायचं ते एवढ्यात. घड्याळ वेगळं लावायची गरजच नाही.

वार मात्र तपासा. 2024 ची मारबत मंगळवारी होती. काही घरं करीला वार पाहत नाहीत, काही पाहतात. कथेत कर मंगळवारी आणली तर थोरल्याने 40 किलोची ऑर्डर देणं हा जुगार ठरतो आणि बहिणीने 25 किलोवर अडून बसणं शहाणपण. 2025 सारखी शनिवार-रविवारला जोडून आणली तर गर्दीचा प्रश्न मोठा होतो आणि तोच आपल्याला हवा आहे. मंदी जास्त दाखवायची असेल तर अधिक श्रावणाचं वर्ष घ्या. 2023 साली तसं झालं होतं आणि पोळा थेट 14 सप्टेंबरला गेला होता.

मारबतीची मिरवणूक ही पार्श्वभूमीची सजावट नाही, ती पुरवठ्याची अडचण आहे. काळी आणि पिवळी मारबत 1880 च्या दशकापासून निघते. इतवारीतल्या नेहरू पुतळ्यापाशी दोघी समोरासमोर येतात, मागे चालू प्रश्नांवर टोमणे मारणारे पुतळे, म्हणजे बडगे, असतात, आणि त्या पट्ट्यातल्या गल्ल्या माणसांनी गच्च भरतात. सकाळी जे दुकानात आलं ते आलं. त्यानंतर सिलिंडरची गाडी येत नाही, बर्फ येत नाही, राहिलेलं 5 किलो मटणही येत नाही. गर्दी पांगली की तीच माणसं जेवायला आत शिरतात. «इडा, पीडा, रोगराई घेऊन जा गे मारबत» ही आरोळी स्वयंपाकघरात खिडकीतून ऐकू येऊ द्या, पण एकदाच, आणि कुणालाही तिचा अर्थ समजावून सांगायला लावू नका.

तान्ह्या पोळ्याला पोरं लाकडी बैल घेऊन बोजारा, म्हणजे खाऊ-पैसे, मागत दुकानोदुकानी फिरतात. गल्ल्यावर बसलेल्या माणसाकडे सुटे 10 रुपयेही नाहीत, असा सीन पाऊण मिनिटात जेवढं सांगतो तेवढं बँकेच्या नोटिशीचा क्लोजअप सांगत नाही.

भट्टीचं वेळापत्रक

पटकथेच्या शेजारी दुसरा कागद ठेवा: कोणत्या वेळी कोणतं भांडं कुठे आहे. तो नसेल तर दुसऱ्या खर्ड्यातच गोंधळ होतो. 12 वाजता शिजायला टाकलेलं मटण 12.20 ला वाढलं जातं आणि घरी बसलेली प्रत्येक बाई ते पकडते.

10 किलोची एक घाण, म्हणजे एका वेळी भट्टीवर चढणारा माल, अशी चालते. कांदा अडीच-तीन किलो, लसूण 400 ग्रॅम, आलं 250 ग्रॅम, सुकं खोबरं 500 ग्रॅम, धने 400, लाल मिरची 300 ते 400, खसखस 150, भाजलेल्या ज्वारीचं पीठ 200, दगडफूल 30 ग्रॅम, वर लवंग, मिरे, शहाजिरं, मोठी वेलची. तेल दीड ते दोन लिटर. प्रमाण घरागणिक बदलतं आणि खरं कुणी सांगत नाही, त्यामुळे पात्रालाही पूर्ण सांगायला लावू नका. जुन्या पद्धतीत जवसाचं तेल होतं. ते लवकर खवट होतं, कच्चं राहिलं तर कडवट लागतं, म्हणून धूर निघेपर्यंत तापवून घ्यावं लागतं. आता बहुतेक भट्ट्यांवर दुसरंच तेल असतं. «आज्जीचं जवसाचं तेल» हा भावनिक तुकडा वापरायचाच असेल तर तेल ताजं कुठून आलं ते दाखवा.

कांदा आणि वाटण भुनायला 40 मिनिटं, मटण टाकून परत भुनायला 20, मग उकळतं पाणी घालून मंद आचेवर 75 ते 90 मिनिटं. म्हणजे एका घाणीला सव्वादोन ते अडीच तास. 40 किलोच्या चार घाणी, भट्ट्या दोन: साडेचार ते पाच तास. दुपारी 1 ला पहिलं ताट द्यायचं आणि 2 पर्यंत सगळा माल तयार हवा, तर पहिली फोडणी सकाळी 9 ला. खूर मात्र रात्रीच चढतात. त्यांना 5-6 तास लागतात. कांदा पहाटे 5 पासून चिरला जातो. खाटकाचा माल 7 ला, कारण नंतर गल्ली बंद. मसाला आदल्या दिवशी भाजलेला, दळलेला. खसखस आणि खोबरं वेगवेगळं भाजतात, कारण खसखस एका मिनिटात करपते आणि खोबऱ्याला वेळ लागतो; एकत्र टाकलं की एक कच्चं राहतं नाहीतर दुसरं जळतं. धाकट्या पोराची पहिली चूक म्हणून हे दुसऱ्या भागात दाखवता येईल.

आता गॅस. हॉटेलचं सिलिंडर 19 किलोचं. मोठी भट्टी पूर्ण आचेवर तासाला साधारण पाऊण ते एक किलो खाते, मंद आचेवर निम्मा. चार घाणींना साडेसहा किलो, पोळ्यांच्या तव्याला दिवसभरात चार, रात्रीच्या खुरांना दोन, परत गरम करायला तीन. बेरीज साडेपंधरा. नवं सिलिंडर रात्रीपर्यंत कसंबसं पुरतं. आधीच अर्धं वापरलेलं असेल तर दुपारी जीव सोडणार.

काय बिघडू द्यायचं

इथे घाई करू नका. भागाचा सगळा कस इथे आहे. स्वयंपाकघरात बिघाड आकाशातून पडत नाही. एक लहान चूक दुसरीला जन्म देते. तुमच्या भागात अपघातांची माळ लावू नका, एकच साखळी घ्या आणि तिच्या प्रत्येक कडीला कुणाचा तरी स्वभाव जोडा.

एक साखळी मोडून दाखवतो.

पहिली कडी, सिलिंडर गारठणं. एका सिलिंडरवर दोन मोठ्या भट्ट्या पूर्ण आचेवर लावल्या की आतला द्रव गॅस जितक्या वेगाने वायू व्हायला हवा तितका होत नाही. सिलिंडर थंड पडतं, बाहेरून दव धरतं, कधी पांढरा बर्फ जमतो, आणि ज्योत बसते. नवख्याला वाटतं गॅस संपला. जाणता माणूस सिलिंडर कोमट पाण्याच्या टबात ठेवतो, कधीही त्याच्याजवळ आग नेत नाही. दोन सिलिंडर जोडून घेतली असती तर हा प्रश्नच आला नसता, पण दुसऱ्याची अनामत भरायला पैसे नव्हते. हे तिसऱ्या भागात सांगून ठेवायचं.

गॅस किती उरला हे कळायचे दोन साधे मार्ग आहेत, दोन्ही पडद्यावर चांगले दिसतात. ओल्या फडक्याने सिलिंडर पुसायचं. जिथवर द्रव आहे तिथलं पाणी उशिरा वाळतं आणि रेघ दिसते. नाहीतर मटणाच्या काट्यावर चढवायचं आणि सिलिंडरवर लिहिलेलं रिकामं वजन वजा करायचं. बहीण मोजते, भाऊ ठोकून पाहतो. दोघांमधला फरक एवढ्याने कळला पाहिजे.

दुसरी कडी, दोन घाणी एक करणं. ज्योत बसली, बाहेर मिरवणूक जवळ आली, थोरला घाबरला. उरलेल्या दोन 10-10 किलोच्या घाणी तो एकाच मोठ्या गंजात, म्हणजे पातेल्यात, टाकतो: 20 किलो, एक भट्टी, वेळ वाचेल. वाचत नाही. गंजाचं तोंड तेवढंच, कांदा दुप्पट, म्हणून पाणी उडायला दुप्पट वेळ लागतो. तेवढा धीर नसतो, तेल सुटायच्या आत पाणी ओतलं जातं, तर्री वर येत नाही आणि रश्श्याला कच्च्या कांद्याचा वास राहतो. सावजीच्या रश्श्याला तर्री नाही म्हणजे काय, हे नागपुरात वेगळं सांगावं लागत नाही.

तिसरी कडी, तळ लागणं. ज्वारीचं पीठ, खसखस आणि खोबरं जड. ते खाली बसतं. कोमट पाण्याच्या टबाने ज्योत पुन्हा चढते आणि ती नेमकी मधे लागते. दर तीन-चार मिनिटांनी सराटा, म्हणजे मोठा उलथना, तळापर्यंत फिरवायचा असतो. 20 किलोच्या गंजात तो तळाला पोचतच नाही. आता खरं नाट्य: तळ लागल्याचा पहिला वास आल्यावर ढवळायचं नसतं. ढवळलं की जळका थर सगळ्यात मिसळतो आणि मग काही उपाय नाही. आच बंद, वरचा भाग हलक्या हाताने दुसऱ्या गंजात, खालचा तसाच सोडायचा, खरवडायचं नाही.

असा सीन लिहिताना संवाद तोडका ठेवा. भट्टीवर कुणी व्याख्यान देत नाही. इथे धाकटा पोर आणि भट्टीवरचे जुने काका बोलतात:

«काका, तळ लागला काय?»
«सराटा नोको लावू. गंज आण दुसरा.»
«सगळं काढू?»
«वरचं अर्धं. खालचं राहू दे तसंच.»
«दहा किलो आहे ना काका खाली!»
«वास येऊन राहिला. तुले येत नाही काय?»

चौथी कडी म्हणजे निर्णय. खालच्या 10 किलोत जळका वास उतरला आहे, पण मसाला इतका जहाल की करीच्या गर्दीत चार जणांपैकी एकाला कळेल. वाढायचं की टाकायचं? वहीकडे परत या. 10 किलो टाकलं तर 60 प्लेट गेल्या. 180 प्लेटचे 46,800. खर्च तर आधीच झालेला, 45,600. हातात उरतात 1,200 रुपये. वर्षातल्या सगळ्यात मोठ्या दिवसाची कमाई बाराशे रुपये, आणि हा आकडा गल्ल्यावर बसलेल्या माणसाला पोराने गंज उचलण्याआधी कळलेला असला पाहिजे. प्रेक्षकालाही. म्हणून 40, 6 आणि 260 हे तीन आकडे आधीच्या भागांत बोलता-बोलता चार वेळा तरी यायला हवेत. भाजीवाल्याशी घासाघीस करताना, पोराच्या गृहपाठात, कुठेही.

ही साखळी घेतली नाही तरी चालेल. मीठ जास्त होणं हाही चांगला बिघाड आहे, फक्त बटाटा टाकून खारटपणा गेला असं दाखवू नका. बटाटा जेवढं पाणी शोषतो तेवढंच मीठ घेऊन जातो, बाकीचा रस्सा खारटच राहतो. बिनमिठाचा रस्सा वेगळा करून मिसळणं हा एकच खरा उपाय, आणि त्यासाठी शिल्लक मसाला लागतो. भुनलेल्या मटणात घाईने गार पाणी ओतणं हीही रोजची चूक: उकळी मोडते, मटण शिजायला वेळ लागतो, तर्री फुटत नाही. वीज जाणं टाळा. नागपूरला वीज गेली की लोक मोबाइलचा टॉर्च लावून जेवत राहतात. त्यात नाट्य नाही.

पेरणी

शेवटच्या भागात वापरायची प्रत्येक वस्तू आधी किमान दोनदा दिसलेली हवी: एकदा सहज, एकदा अडचण म्हणून. शिकागोत घडणाऱ्या «द बेअर» या मालिकेचा पहिला सीझन 2022 साली आला. त्याच्या शेवटी टोमॅटोच्या डब्यांत दडवलेले पैसे सापडतात. वरवर हा लॉटरी लागल्यासारखाच शेवट, पण तो पचतो, कारण डबे सीझनभर स्वयंपाकघरात पडून होते आणि त्या पैशाला काकाच्या कर्जाची सावली होती. दुसऱ्या सीझनच्या शेवटी मुख्य आचारी ऐन पहिल्या रात्री शीतखोलीत अडकतो. दाराची कडी दुरुस्त करायला माणूस बोलवायचा हे आधीच्या भागांत पुन्हा पुन्हा राहून गेलेलं असतं. दुसरं उदाहरण जास्त कामाचं, कारण तिथे बिघाड आणि माणसाचा दोष एकच आहे.

त्याची नक्कल करायला जाऊ नका. सावजी भोजनालयात शीतखोली नसते, एक डीप फ्रीझर असतो आणि त्यावर बहुधा पाण्याचे जार ठेवलेले असतात. तुमच्याकडे आहेत ती हत्यारं पाहा: सिलिंडर, काटा, उधारीची वही, गल्ल्याची किल्ली, मसाल्याच्या डब्याचं कुलूप. मसाला कोण मिसळतं हा सावजी घरात सत्तेचा प्रश्न असतो. शेवटच्या दिवशी मसाल्याच्या डब्याची किल्ली आईने कुणाच्या हातात दिली, एवढ्यात वारसाहक्क सांगून होतो. त्यासाठी वकील नको आणि भाषण तर मुळीच नको.

बोली

मुंबईत संवाद लिहून घेतले की नागपूरचा माणूस प्रत्येक वाक्याला «बे» लावू लागतो. «बे» बरोबरीच्याला किंवा धाकट्याला. काकाला, वहिनीला, गिऱ्हाइकाला नाही. सासऱ्यांना इकडे मामाजी म्हणतात. «करतोय» ऐवजी «करून राहिलो», «कशाला» ऐवजी «काऊन», «मला-तुला» ऐवजी «मले-तुले» हे जुन्या वस्तीतल्या वडीलधाऱ्यांच्या तोंडी नीट बसतं. कॉन्व्हेंटात शिकलेली धाकटी घरात तसं बोलेल आणि फोनवर बदलेल. मधे हिंदी येते, ती येऊ द्या, खासकरून खाटकाशी आणि गॅसवाल्याशी बोलताना.

एक शब्द नक्की फसवतो: विदर्भात सांबार म्हणजे कोथिंबीर. «वरून सांबार टाक» हे वाक्य तसंच ठेवा. पुण्याच्या प्रेक्षकासाठी कॅमेरा हातातल्या जुडीवर न्या, काम झालं.

सावजी पद्धत हलबा कोष्टी समाजाच्या घरांतून आली, हातमाग चालवणाऱ्या माणसांच्या चुलीवरून. ही गोष्ट कुठेतरी यायला हवी, पण भिंतीवरच्या पाटीसारखी नको. घरात मागाचा एखादा जुना धोटा खुंटीला असू द्या. पात्रांना दर वाक्यात «तिखट आमच्या रक्तात» म्हणायला लावणं हा त्या समाजाचा आणि प्रेक्षकाचाही अपमान आहे.

मिनिटांची वाटणी

40 मिनिटांत 22 ते 26 सीन बसतात. पहाटेची तयारी 6 मिनिटं, जवळजवळ संवादाशिवाय. माल येतो, गल्ली बंद होते, 4 मिनिटं. साखळीच्या पहिल्या तीन कड्या 12 मिनिटं. इथे सीन लहान, 30 ते 50 सेकंदांचे. मग निर्णयाचा एकच लांब सीन, 4 मिनिटं, एका जागी. त्याच्या आधी गती आहे म्हणून तो थांबा जाणवतो. वाढप आणि गर्दी 6 मिनिटं. राहिलेली 8 रात्रीसाठी ठेवा. बहुतेक खर्ड्यांत या रात्रीला दोन मिनिटं उरतात, कारण लेखकाला गर्दी लिहायचा मोह आवरत नाही.

एक पान म्हणजे एक मिनिट हा हिशोब देवनागरीत टाइप केलेल्या पानाला चालत नाही. दोघांनी मोठ्याने वाचून घड्याळ लावा, आणि हाताच्या कामाची वेळ वेगळी धरा. «तो कांदा भुनतो» ही अर्धी ओळ आहे, पडद्यावर ती 20 सेकंद खाते.

चित्रीकरणाला जाण्याआधी

मारबत वर्षातून एकदाच निघते. तिची दृश्यं आदल्या वर्षी किंवा त्याच दिवशी छोट्या तुकडीने घ्यावी लागतात, आणि त्यात नट दिसायला हवे असतील तर त्यांचे कपडे तेव्हाच ठरलेले हवेत. भाद्रपदात पाऊस असतो. मिरवणूक भिजलेली आणि दुकानाचा उंबरठा कोरडा असं होऊ देऊ नका.

स्वयंपाकघरासाठी चार सारखे गंज लागतात: कच्चा कांदा, भुनलेलं वाटण, तयार रस्सा, संपत आलेला तळ. प्रत्येकाचा फोटो, रश्श्याची पातळी कुठवर ते खडूने बाहेरून खुणावलेलं. तर्रीवर पाच-सात मिनिटांत साय धरते आणि दिव्याखाली ती मेलेली दिसते. टेकच्या आधी एक डाव कडकडीत तेल वरून सोडलं की रंग परत येतो. जळक्या तळाचा धूर खऱ्या रश्श्यात करू नका, वास दिवसभर जात नाही आणि नट खोकत राहतात. बाजूच्या कढईत साखर करपवली तरी धूर तेवढाच दिसतो.

एक्झॉस्ट चालू असताना संवाद ऐकू येत नाहीत, म्हणून तो बंद करून शूट होतं. मग दर 15 मिनिटांनी भट्ट्या बंद आणि एक्झॉस्ट चालू, हा नियम सहायकाने घड्याळावर पाळायचा. सिलिंडर भिंतीबाहेर, फ्रेममधलं रिकामं. गळलेला गॅस हवेपेक्षा जड असतो, तो जमिनीलगत साचतो, आणि तिथेच तुमच्या केबल पसरलेल्या असतात.

जेवणाऱ्या माणसांसाठी टेकमागे एक ताट धरा. 12 माणसं, 5 टेक, 60 ताटं. त्यातली तिखट 12 पुरेत. पाचव्या टेकला खरा सावजी रस्सा खाणाऱ्याच्या डोळ्यांतलं पाणी अभिनयाचं राहत नाही.

गल्ला मोजायचा सीन

दार अर्धं ओढलेलं, टेबलांवर उलट्या खुर्च्या. नोटा वेगळ्या, चिल्लर वेगळी, मोबाइलवर आलेल्या पैशांची बेरीज वहीच्या मार्जिनमध्ये. खाटकाचे 32,000 रबर लावून बाजूला. किराणा ओळीतल्या दुकानाचे वेगळे. रोजाचे हातोहात. हे सगळं खऱ्या वेगाने होऊ द्या, दोन मिनिटं लागली तरी. संगीत नको, पंख्याचा आवाज पुरे.

शेवटी 1,200 उरतात. तिथे कुणी रडू नये आणि कुणी हसूही नये. ज्याने दोन घाणी एक केल्या त्याने टाकलेल्या गंजाचा तळ घासायला घ्यावा. जळका तळ एका रात्रीत निघत नाही, पाणी आणि सोडा घालून भिजत ठेवावा लागतो, ते तो करतो. काका निघताना विचारतात, उद्या किती किलो सांगू? थोरला बहिणीकडे पाहतो. ती सिलिंडर काट्यावर चढवते, आकडा वाचते, वजाबाकी करते.

«वीस,» ती म्हणते. «दोन घाणी. वेगवेगळ्या.»